दाखवण्याचा हट्ट

सर्वोच्च न्यायालयाच्या एका निकालपत्राचं शीर्षक ‘महासंचालक, दूरदर्शन विरुद्ध आनंद पटवर्धन’ असं आहे. तारीख २५ ऑगस्ट २००६. वाद होता पटवर्धनांच्या ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ या माहितीपटाचा. १९९५ साली तो पूर्ण झाला, त्याला दोन राष्ट्रीय पुरस्कार मिळाले आणि तरीही दूरदर्शनने तो दाखवायला नकार दिला. हे पुरस्कार देणारं संचालनालय माहिती व नभोवाणी मंत्रालयाचं होतं, आणि दूरदर्शनही त्याच मंत्रालयाच्या छत्राखाली वाढलेलं. मुंबई उच्च न्यायालयात पटवर्धन जिंकले. दूरदर्शन अपिलात दिल्लीला गेलं आणि तिथेही हरलं. चित्रपटातला एखादा तुकडा बाजूला काढून त्यावर बोट ठेवायचं नसतं, तो सबंध पाहायचा असतो आणि सर्वसाधारण समंजस माणसाच्या नजरेतून पाहायचा असतो, असं न्यायालयाने बजावलं. चित्रपट तयार झाला त्या वर्षी पहिलीत गेलेलं मूल निकाल लागला तेव्हा बारावीत होतं.

पटवर्धनांची ओळख करून देताना सहसा पुरस्कारांची माळ पुढे केली जाते. माळ लांब आहे आणि खरी आहे. पण तिच्यातून या माणसाचं काम कळत नाही. या पुस्तकातले लेख वाचण्याआधी वाचकाने एक गोष्ट ध्यानात घ्यावी असं मला वाटतं. चित्रपट करणं ही पटवर्धनांच्या लेखी अर्धी मजल आहे. उरलेली अर्धी तो दाखवण्याची, आणि तिला अनेकदा पहिलीपेक्षा जास्त वर्षं लागली आहेत. पुरस्कार या दुसऱ्या मजलेत कामाला येतात. राष्ट्रीय पुरस्कार मिळालेले माहितीपट दूरदर्शनने दाखवावेत असं सरकारचंच धोरण असल्यामुळे सुवर्णकमळ काय, रजतकमळ काय, पटवर्धनांनी ते कपाटात ठेवलं नाही. वकिलाच्या हाती दिलं.

त्यांच्याआधी आपल्याकडे माहितीपट म्हणजे फिल्म्स डिव्हिजन हे समीकरण होतं. १९४८ साली स्थापन झालेल्या या संस्थेचे वार्तापट आणि बोधपट प्रत्येक चित्रगृहात मुख्य सिनेमाआधी दाखवणं सक्तीचं होतं. धरणं, लसीकरण, पंचवार्षिक योजना आणि पाठीमागे एक धीरगंभीर सरकारी आवाज. प्रेक्षक तेवढ्या वेळात बाहेर उभे राहून सिगारेट ओढून घेत. या डिव्हिजनमध्येही एस. सुखदेव किंवा एस. एन. एस. शास्त्रींसारखे वेगळं काही करणारे दिग्दर्शक होते, हे विसरून चालणार नाही. पण पैसा सरकारचा आणि शेवटचा शब्दही सरकारचा. स्वतःच्या हिमतीवर कॅमेरा घेऊन सरकारच्या विरोधात उभ्या असलेल्या माणसांत जाऊन राहायचं, ही वाट फारशी कुणी चोखाळलेली नव्हती.

आनंद पटवर्धनांचा जन्म १८ फेब्रुवारी १९५० चा, मुंबईतला. वडिलांकडचं घराणं अहमदनगरचं, स्वातंत्र्यलढ्यात मुरलेलं. रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन हे त्यांचे काका. बेचाळीसच्या भूमिगत लढ्यात अच्युतरावांचं नाव किती मोठं होतं, हे मराठी वाचकाला सांगायला नको. आई निर्मला सिंधमधल्या. त्या शांतिनिकेतनात शिकलेल्या, आणि मातीची भांडी घडवण्याच्या कलेत त्यांनी देशभर नाव मिळवलं. म्हणजे मुलाला राजकारण आणि कला दोन्ही घरातच मिळाली. एल्फिन्स्टन कॉलेजातून इंग्रजी साहित्याची पदवी घेऊन ते शिष्यवृत्तीवर अमेरिकेत ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्र शिकायला गेले. व्हिएतनाम युद्धाविरुद्ध तिथलं विद्यार्थी आंदोलन तेव्हा पेटलेलं होतं, त्यात ते उतरले. कॅलिफोर्नियात सीझर चावेझ यांच्या शेतमजूर संघटनेतही त्यांनी स्वयंसेवक म्हणून काम केलं. परतल्यावर मध्य प्रदेशातल्या होशंगाबाद जिल्ह्यात ‘किशोर भारती’ या संस्थेत दाखल झाले. चित्रपटाचं रीतसर शिक्षण यात कुठेच नाही. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचा शिक्का त्यांच्यावर नाही, आणि त्यांच्या चौकटी पाहिल्या की ते जाणवतं. चौकट देखणी व्हावी म्हणून ते थांबत नाहीत. समोरचा माणूस बोलायला लागेल म्हणून थांबतात.

‘क्रांती की तरंगें’ या पहिल्या महत्त्वाच्या चित्रपटाची जन्मकथाच चित्रपटासारखी आहे. जयप्रकाशांचं बिहार आंदोलन ऐन भरात होतं. ४ नोव्हेंबर १९७४ ला पाटण्यात मोठा मोर्चा निघायचा होता, आणि पोलीस हात उचलणार याचा अंदाज सगळ्यांनाच होता. जे होईल त्याचं चित्रण हाती असावं म्हणून पटवर्धन दिल्लीहून उसना कॅमेरा घेऊन आले. बरंचसं चित्रण सुपर एट या घरगुती वापराच्या फिल्मवर झालं. ते पडद्यावर दाखवायचं, पडद्यावरचं दृश्य सोळा मिलिमीटर कॅमेऱ्याने पुन्हा टिपायचं, आणि त्यातून पुढची प्रिंट काढायची, असा जुगाड करावा लागला. चित्र फुटलेलं, भुरकट. चित्रपट हातात आला आणि आणीबाणी लागू झाली. दाखवणं म्हणजे तुरुंगाला आमंत्रण. मग प्रिंटचे तुकडे केले, ते वेगवेगळ्या माणसांबरोबर परदेशात धाडले आणि तिकडे पुन्हा जोडले. पटवर्धन कॅनडात मॅकगिल विद्यापीठात पोहोचले, आणि पुढे याच अनुभवावर त्यांनी एम. ए.चा प्रबंध लिहिला. भूमिगत आणि निर्वासित अवस्थेतला गनिमी चित्रपट हा त्याचा विषय. गनिमी काव्याच्या मुलखातल्या वाचकाला हे विशेषण वेगळं उलगडून सांगायची गरज पडू नये.

आणीबाणी उठल्यावर १९७८ साली राजकीय कैद्यांवरचा ‘जमीर के बंदी’ आला. नवं सरकार लोकशाहीवादी म्हणून निवडून आलेलं, तरी तुरुंगातल्या नक्षलवादी कैद्यांविषयी बोलायला फारसं कुणी तयार नव्हतं. पटवर्धन बोलले. ज्या आंदोलनाचे आपण गोडवे गायले, त्यातूनच सत्तेवर आलेल्यांनाही प्रश्न विचारायचा, ही खोड तेव्हापासूनची. त्यानंतर कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबियातल्या भारतीय, मुख्यतः पंजाबी, शेतमजुरांच्या संघटनेवर जिम मन्रो यांच्यासोबत ‘अ टाइम टू राइझ’ केला. मग ते मुंबईला परतले.

‘बॉम्बे अवर सिटी’, म्हणजेच ‘हमारा शहर’, १९८५ चा. मुंबईत झोपड्या आणि फुटपाथवरचे संसार पाडण्याचं सत्र चालू होतं. फुटपाथवर राहणाऱ्यांचा खटला सर्वोच्च न्यायालयात गाजत होता. पटवर्धनांचा कॅमेरा बुलडोझरच्या बाजूला उभा राहत नाही. ज्यांच्या डोक्यावरचा पत्रा ओढला जातोय त्यांच्यात उभा राहतो. मधूनच तो उंच इमारतींच्या दिवाणखान्यांतही जातो, आणि तिथली सुशिक्षित मंडळी झोपडीवाल्यांविषयी काय बोलतात ते निमूट ऐकून घेतो. निवेदकाने त्यावर टिप्पणी करायची गरज उरत नाही. लागोपाठच्या दोन दृश्यांची जोडणीच काय ते बोलते. पटवर्धनांची संकलनाची रीत इथे पुरती घडली, असं मला वाटतं.

याच चित्रपटात घर गमावलेली एक बाई थेट कॅमेऱ्यावर भडकते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमवाल, आमचं काय होणार, असा तिचा सवाल आहे. संकलनाच्या टेबलावर तो कापून टाकणं अगदी सोपं होतं. पटवर्धनांनी तो ठेवला. माहितीपट करणाऱ्या प्रत्येकाला हा प्रश्न कधी ना कधी कुणीतरी विचारतं, पण प्रेक्षकांसमोर तो जसाच्या तसा ठेवणारे थोडे.

आणि तिचा अंदाज खरा ठरला. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, फिल्मफेअरही मिळालं. त्यानंतर काय घडलं ते पाहण्यासारखं आहे. १९८६ साली दक्षिण मुंबईतली संजय गांधी नगर ही वस्ती पाडली गेली, तेव्हा शबाना आझमी आणि आणखी काही कार्यकर्त्यांबरोबर पटवर्धन उपोषणाला बसले. रहिवाशांना गोरेगावला दिंडोशीत पर्यायी जागा मिळाली. पदक घेणारा हात आणि उपोषणाच्या मांडवात चटईवर टेकलेला हात एकाच माणसाचा होता. त्या बाईला हे उत्तर पुरेसं वाटलं असतं का, ते मी सांगू शकत नाही. पण ‘आमचं काय होणार’ हे पटवर्धनांनी कानाआड केलं नव्हतं, एवढं यावरून दिसतं.

‘राम के नाम’ हा त्यांचा सर्वांत जास्त पाहिला गेलेला आणि सर्वांत जास्त अडवला गेलेला चित्रपट. १९९० च्या रथयात्रेच्या काळात तो चित्रित झाला, आणि बाबरी मशीद पडण्याआधी तयार झाला. हा क्रम महत्त्वाचा. आज तो पाहताना आपल्याला पुढचं सगळं ठाऊक असतं, पडद्यावरच्या माणसांना ते ठाऊक नसतं. त्यातला एक प्रकार मला फार आवडत नाही. कारसेवेला निघालेल्या तरुणांना राम नेमका केव्हा जन्मला असं विचारायचं आणि त्यांची भंबेरी उडालेली दाखवायची. प्रेक्षक हसतात, पण ते हसू फुकटचं आहे. श्रद्धेने निघालेल्या पोराला इतिहासाच्या पेपरात नापास करून काय मोठं साधलं? चित्रपटाचं खरं बळ आहे ते लालदास या पुजाऱ्यात. न्यायालयाने रामजन्मभूमीच्या मंदिरात नेमलेला हा पुजारी या आंदोलनामागे पैसा आणि सत्ता कशी आहे, हे विलक्षण शांतपणे सांगतो. रामभक्ताच्या तोंडून आलेला विरोध हा बाहेरून आलेल्या विरोधापेक्षा कितीतरी धारदार असतो. नोव्हेंबर १९९३ मध्ये लालदासांचा खून झाला.

या चित्रपटाला शोधपत्रकारितेचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि दूरदर्शनने पुन्हा टाळाटाळ केली. पुन्हा मुंबई उच्च न्यायालय, पुन्हा विजय, आणि १९९७ साली प्रसारण. सेन्सॉर बोर्डाने ‘यू’ प्रमाणपत्र दिलेला, न्यायालयाने मोकळा केलेला, राष्ट्रीय वाहिनीवर दाखवलेला हा चित्रपट. तरीही २०१९ साली तो दाखवला म्हणून हैदराबाद विद्यापीठात पोलीस आले. कायद्याच्या पायऱ्या एकदा चढल्या की काम संपलं, असं इथे होत नाही.

‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ला अभ्यासक ‘राम के नाम’च्या बरोबरीने मान देतात, सामान्य प्रेक्षक मात्र तो कमी पाहतो. रूपकंवर सती प्रकरण, मुंबईची १९९२-९३ ची दंगल आणि रस्त्यावर पौरुषाची औषधं विकणारे वैदू यांना एका धाग्यात ओवण्याचं धाडस त्यात आहे. धार्मिक हिंसेमागे मर्दानगीची भीती असते, ही त्याची मांडणी. तीस वर्षांपूर्वी ती अनेकांना ओढूनताणून आणलेली वाटली होती. आता वाटत नाही.

मधल्या वर्षांतल्या कामांवरून मी भराभर पुढे जातो. सीमंतिनी धुरू यांच्यासोबतची ‘नर्मदा डायरी’, न्यू ग्रेट ईस्टर्न गिरणीतल्या कामगारांवरचा छोटा चित्रपट, खोल समुद्रातल्या ट्रॉलरविरुद्ध उभ्या राहिलेल्या मच्छीमारांवरचा चित्रपट. हे सगळं चळवळीच्या गरजेतून, चळवळीच्या वेगाने झालेलं काम आहे. त्या त्या लढ्यातल्या माणसांना ते उपयोगी पडलं. चित्रपट म्हणून ते थोडं सरधोपट आहे. संग्रहातल्या एका लेखात याच्या उलट मत आहे, ते वाचकांनी जरूर वाचावं.

मे १९९८ च्या पोखरण चाचण्यांनी पटवर्धनांना पुन्हा मोठ्या पटावर आणलं. ‘जंग और अमन’ पोखरणजवळच्या खेड्यात जातो, पाकिस्तानात जातो, हिरोशिमा आणि नागासाकीलाही जातो. सुरुवात गांधीहत्येपासून. गांधींच्या देशाने अणुबाँबचा जल्लोष केला, हे दुखणं सबंध चित्रपटाला व्यापून आहे. लाहोरच्या शाळेत मुली अण्वस्त्रांवर वादविवाद करतात, तो भाग फार हुशारीने घेतलेला आहे. वक्तृत्वासाठी पाठ केलेला आवेश आणि नंतरच्या साध्या गप्पांत निघणारं मत यांत केवढं अंतर असतं, ते मुलींच्या चेहऱ्यांवर दिसतं. २००२ च्या मुंबई आंतरराष्ट्रीय महोत्सवात हा सर्वोत्कृष्ट ठरला. हा महोत्सव तेव्हा फिल्म्स डिव्हिजनचा होता, म्हणजे सरकारचाच. त्याच वर्षी सेन्सॉर बोर्डाने त्यात एकवीस काटछाटी सुचवल्या. राजकीय नेत्यांची, अगदी पंतप्रधानांचीसुद्धा, जाहीर भाषणं त्यातून काढावीत असा आग्रह होता! लाखोंसमोर केलेलं भाषण चित्रपटगृहात ऐकलं की धोकादायक कसं होतं, हे कोडं उच्च न्यायालयालाही सुटलं नसावं. २००३ साली एकही काट न लावता चित्रपट सुटला, आणि पुढे त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

पुढच्या, म्हणजे २००४ च्या मुंबई महोत्सवासाठी भारतीय माहितीपटांना सेन्सॉर प्रमाणपत्र सक्तीचं करण्याचा घाट घातला गेला. परदेशी चित्रपटांना मात्र ही अट नव्हती. देशभरचे माहितीपटकार एकत्र आले, अट मागे घ्यायला लावली, आणि तरीही अनेक परखड चित्रपट निवडीतूनच गळाले. तेव्हा प्रभादेवीला रवींद्र नाट्य मंदिरात सरकारी महोत्सव चालू असताना, हाकेच्या अंतरावरच्या भूपेश गुप्ता भवनात ‘विकल्प’ हा समांतर महोत्सव भरला. पटवर्धन या खटपटीत पुढे होते. दहा वर्षांनी, २०१४ साली, त्याच मुंबई महोत्सवाने त्यांना व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार दिला. त्यांनी तो घेतला. पुढच्याच वर्षी, फिल्म इन्स्टिट्यूटच्या विद्यार्थ्यांचा संप आणि देशातलं वातावरण यांवरून काही दिग्दर्शकांनी राष्ट्रीय पुरस्कार परत केले, त्यांत पटवर्धन होते. घेणं आणि परत करणं यांत काहींना विसंगती दिसते. मला दिसत नाही. दोन्ही वेळा पुरस्काराचा उपयोग बोलण्यासाठीच झाला.

मराठी वाचकाच्या दृष्टीने ‘जय भीम कॉम्रेड’ हा या सगळ्याचा गाभा. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. लोक रस्त्यावर आले, राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं मेली. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आपल्या झोपडीत गळफास घेतला. ‘हमारा शहर’मध्ये गाणारा शाहीर तो हाच. डाव्या ‘आव्हान नाट्य मंच’मध्ये वाढलेल्या, लाल झेंड्याची गाणी गाणाऱ्या या माणसाने मरताना कपाळाला निळी पट्टी बांधली होती. मित्राच्या मरणाने पडलेला हा प्रश्न घेऊन पटवर्धन चौदा वर्षं फिरले. खटले रेंगाळले, चित्रीकरणही चालत राहिलं. २०११ साली तीन तासांहून मोठा चित्रपट आला.

त्यात महाराष्ट्राचं जे दर्शन घडतं ते मराठी चित्रपटसृष्टीने आपल्याला क्वचितच घडवलं. भीमगीतांच्या रात्री, संभाजी भगतांचा खडा आवाज, कबीर कला मंचाच्या शीतल साठेची तडफ, खैरलांजी. सहा डिसेंबरला शिवाजी पार्कवर येणाऱ्या गर्दीने आपल्या परिसराची घाण होते म्हणून कुरकुरणारे सुस्थित शेजारीही त्यात आहेत. डाव्यांना जात कळली का आणि आंबेडकरी पक्षांच्या नेत्यांचं पुढे काय झालं, हे दोन्ही अवघड प्रश्न चित्रपट विचारतो. पटवर्धन आडनावाच्या माणसाने ते विचारावेत का, अशीही चर्चा झाली. ती व्हायलाच हवी होती. माझं मत विचाराल तर चित्रपटाची भिस्त दिग्दर्शकाच्या निवेदनावर नाही, गाण्यांवर आहे, आणि गाणी वस्तीची आहेत. मुंबईत त्याचा खेळ भायखळ्याच्या बीआयटी चाळीत झाला, ज्यांच्याविषयी तो आहे त्यांच्यासमोर. कबीर कला मंचाच्या कलावंतांवर अटकेची वेळ आली तेव्हा त्यांच्या बचावासाठीच्या समितीत पटवर्धन होते, आणि या चित्रपटाला मिळालेल्या राज्य पुरस्काराची रक्कम त्यांनी मंचाला दिली.

त्यांचे चित्रपट एकांगी असतात, ही टीका जुनी आहे. तटस्थतेचा दावा पटवर्धनांनी कधी केलेला नाही, त्यामुळे या आरोपाने त्यांचं फारसं बिघडत नाही. मला वेगळी अडचण दिसते. ‘विवेक’ हा दाभोलकर, पानसरे, कलबुर्गी आणि गौरी लंकेश यांच्या हत्यांपासून रोहित वेमुलापर्यंत पसरलेला चार तासांच्या आसपासचा चित्रपट. ॲमस्टरडॅमच्या इडफा महोत्सवात २०१८ साली तो सर्वोत्कृष्ट ठरला. २०१९ ला केरळच्या महोत्सवात तो दाखवायला केंद्राने मोडता घातला, तेव्हा केरळ उच्च न्यायालयाने वाट मोकळी केली. काळाची नोंद म्हणून त्याची किंमत मोठी आहे. पण त्यात बोलणारे बहुतेक जण आधीच पटलेले आहेत. ‘हमारा शहर’मधल्या बाईसारखं दिग्दर्शकालाच अडवणारं माणूस इथे भेटत नाही, आणि त्याची उणीव मला जाणवते.

कदाचित त्यांनाही ती जाणवली असावी, कारण त्यानंतरचा ‘वसुधैव कुटुंबकम’ अगदीच निराळा आहे. वृद्ध आईवडिलांचं घरगुती चित्रण त्यांनी वर्षानुवर्षं सहज करून ठेवलं होतं. त्यातून २०२३ साली हा चित्रपट उभा राहिला. स्वातंत्र्यलढा, फाळणी, सिंध, काका, सगळं त्यात आहे. पण ते सभेच्या व्यासपीठावरून येत नाही, जेवणाच्या टेबलावरून येतं. वडिलांची मिस्किली पाहून पटवर्धनांच्या आधीच्या चित्रपटांतला कोरडा विनोद कुठून आला त्याचा उलगडा होतो. आई तर मुलाला कॅमेऱ्यासमोर बिनदिक्कत दटावते.

संग्रहातले लेख कालक्रमाने लावले आहेत. चित्रपटांशी ज्यांची अजून ओळख नाही त्यांनी मात्र कालक्रमाच्या नादी लागू नये. आधी ‘हमारा शहर’ पाहावा, मग ‘जय भीम कॉम्रेड’, म्हणजे विलास घोगरे दोन्हीकडे भेटतील आणि मधलं अंतर आपसूक कळेल. ‘राम के नाम’ त्यानंतर. तो पाहताना मन त्या तरुणांच्या भंबेरीवर रेंगाळू न देता लालदासांवर ठेवावं. पटवर्धनांनी यातलं बरंचसं यूट्यूबवर स्वतःच मोकळं केलं आहे, त्यामुळे शोधायला कष्ट नाहीत. ‘विवेक’ एका बैठकीत संपवण्याचा अट्टहास नको, त्याचे भाग पाडलेले आहेत. संग्रहातला ‘जंग और अमन’वरचा लेख मात्र चित्रपट पाहिल्याशिवाय वाचू नये. लेखकाने काटछाटींच्या यादीतला एकेक मुद्दा त्या त्या दृश्याशी ताडून पाहिला आहे, आणि ती मजा दृश्य डोळ्यांसमोर असल्याशिवाय यायची नाही.